विजापूर रोडवरचा चित्रपटवर्ग: आठ रविवारांचा अनुभव

विजापूर रोडवरील एका इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर गेल्या पावसाळ्यात आठ रविवार चाललेल्या चित्रपट-अभ्यासवर्गाला मी पहिल्या दिवसापासून शेवटच्या दिवसापर्यंत हजर होते. विषय होता ब्रिटिश चित्रपटांचा इतिहास आणि लोकप्रिय चित्रप्रकारांतील लिंगभाव. सोलापुरात या विषयाला कोण येणार, अशी शंका नाव नोंदवताना मनात होती. प्रत्यक्षात पहिल्याच दिवशी ३१ जण आले आणि त्यांत १४ स्त्रिया होत्या. शुल्क १५०० रुपये होते. त्यात आठ चित्रपट, प्रत्येक चित्रपटाचे मराठी टिपण आणि मध्यंतरातला चहा एवढे मिळत असे. वर्गाने जे दिले ते या पैशांच्या मानाने पुष्कळच होते, आणि एक गोष्ट मात्र अशी राहून गेली की जिच्यामुळे विषयाच्या गाभ्यालाच धक्का बसला. दोन्ही सविस्तर सांगण्यासाठी हे लिहीत आहे.

वर्ग घेणाऱ्या निवृत्त प्राध्यापिका बाईंनी सुरुवात थोर दिग्दर्शकांच्या नावांनी केली नाही, हे मला फार आवडले. त्यांनी पहिल्या दिवशी फळ्यावर एकच आकडा लिहिला. १९४६ साली ब्रिटनमध्ये चित्रपटगृहांची सुमारे १६३.५ कोटी तिकिटे विकली गेली, आणि त्या देशाची लोकसंख्या तेव्हा पाच कोटींच्या आतच होती. म्हणजे तान्ह्या बाळापासून म्हाताऱ्यापर्यंत प्रत्येकाने वर्षाला तीस-पस्तीस वेळा पडद्यासमोर बसावे, असे हे प्रमाण झाले. एवढी माणसे नेमके काय पाहत होती, हा वर्गाचा खरा प्रश्न होता. समीक्षकांनी ज्यांना ब्रिटिश चित्रपटाचे वैभव मानले ते संयत, वास्तववादी, युद्धाच्या धगीतून आलेले चित्रपट एका बाजूला होते. आणि ज्यांच्या खिडकीपुढे बायकांच्या रांगा लागत होत्या ते भडक पोशाखांचे, सूडाचे, चाबकाचे आणि चोरट्या प्रेमाचे चित्रपट दुसऱ्या बाजूला होते. इतिहासाच्या पुस्तकांत पहिल्यांना मानाचे पान मिळाले आणि दुसऱ्यांची हेटाळणी झाली. आपल्याकडे १९९१ साली ‘माहेरची साडी’ लागला तेव्हा काय झाले, ते ज्यांनी पाहिले आहे त्यांना हे वेगळे समजावून सांगावे लागत नाही. गावोगावच्या बायका तो चित्रपट पाहून डोळे पुसत बाहेर येत होत्या, आणि शहाण्यासुरत्या माणसांना त्यात रडण्यापलीकडे काही दिसत नव्हते. वर्गात हा उल्लेख निघाला तेव्हा मागच्या रांगेतल्या तीन-चार जणींनी एकदमच माना डोलावल्या.

दुसऱ्या रविवारी १९३४ सालचा ‘सिंग अ‍ॅज वी गो’ दाखवला. निवड अचूक होती. त्यातली नायिका लँकशायरमधल्या कापडगिरणीत काम करते, गिरणी बंद पडते, आणि ती कामाच्या शोधात ब्लॅकपूल या समुद्रकाठच्या करमणुकीच्या गावी जाते. ग्रेसी फील्ड्स ही नटी स्वतः रॉचडेलची, म्हणजे कापसाच्याच गावची. तिचे बोलणे, तिची थट्टा, तिचे धसमुसळे वागणे हे सगळे त्या मुलखाचे होते. पडद्यावरच्या नायिकेने नाजूक असावे ही अट तिने कधी पाळलीच नाही. प्रेमात ती हरते, ज्याच्यावर जीव लावला तो तिच्या मैत्रिणीकडे वळतो. परंतु अखेरीस गिरणी सुरू होते तेव्हा कामगारांच्या पुढे गात गात आत शिरणारी तीच असते. बंद गिरण्यांच्या या शहरात तो शेवट पाहताना सभागृह अगदी गप्प झाले होते. दिवे लागल्यावर एक वयस्कर गृहस्थ म्हणाले, “आमच्या मिलचा भोंगा बंद झाला तो झालाच.” त्यांच्या पत्नीने त्यांना थांबवले नाही आणि बाईंनीही घाईने पुढचा मुद्दा काढला नाही. त्याच दिवशी बाईंनी सांगितले की १९३८ साली ‘मास ऑब्झर्वेशन’ या अभ्यासगटाने बोल्टन या गिरणीगावातील प्रेक्षकांना, तुम्हाला कोणते चित्रपट आवडतात, किती वेळा पाहता, असे प्रश्न छापील कागदावर विचारले होते. गिरणीत काम करणाऱ्या बाईचे मत कोणीतरी लिहून घेतले, ते जपले गेले, आणि आज इतिहास लिहिणाऱ्यांच्या उपयोगी पडते, ही गोष्ट मला त्या दिवशी चित्रपटाइतकीच मोठी वाटली. सोलापूरच्या टॉकीजमध्ये दुपारच्या खेळाला जाणाऱ्या विडी कामगार बायकांना असे प्रश्न कोणी विचारल्याचे माझ्या ऐकिवात नाही.

वर्गाचा खरा ऐवज होता तो तिसऱ्या, चौथ्या आणि पाचव्या रविवारचा. हे तिन्ही दिवस गेन्सबरो पिक्चर्स या संस्थेला दिले होते. १९२४ साली मायकेल बाल्कन यांनी उभी केलेली, लंडनच्या इस्लिंग्टन भागात स्टुडिओ असलेली ही संस्था युद्धाच्या काळात पोशाखी मेलोड्रामांसाठी, म्हणजे जुन्या काळच्या वेशांतल्या भडक भावनाट्यांसाठी, प्रसिद्ध झाली. डिसेंबर १९४१ च्या कायद्याने वीस ते तीस वयाच्या अविवाहित स्त्रियांनाही राष्ट्रीय सेवेसाठी बोलावता येऊ लागले होते. त्याआधी जून १९४१ पासून कपड्यांचे रेशनिंग आले होते आणि पहिल्या वर्षाला माणशी ६६ कुपने मिळत होती. दिवसभर कारखान्यात राबणाऱ्या, दोन फ्रॉकांवर वर्ष काढणाऱ्या बाईने संध्याकाळी पडद्यावर काय पाहावे, याची दोन उत्तरे याच संस्थेने दिली. १९४३ च्या ‘मिलियन्स लाइक अस’मध्ये विमानांचे भाग बनवणाऱ्या कारखान्यातील मुली आहेत, म्हणजे प्रेक्षक बाईचेच आयुष्य; आणि त्याच वर्षीच्या ‘द मॅन इन ग्रे’मध्ये रेशीम, दागिने, हवेली आणि दुष्टावा आहे. गर्दी खेचून नवी लाट सुरू केली ती दुसऱ्याने.

‘द मॅन इन ग्रे’ची सुरुवात आणि शेवट युद्धकाळातल्या लंडनमधल्या एका लिलावात होतो, हे बाईंनी नीट दाखवून दिले. नौदलाच्या गणवेशातली एक तरुणी आणि हवाई दलातला एक तरुण त्या लिलावात भेटतात, आणि जुन्या वस्तूंच्या पेटीतून आपण मागच्या काळात जातो. श्रीमंत, भाबडी क्लॅरिसा आणि तिच्या आधाराने वर आलेली गरीब, महत्त्वाकांक्षी हेस्टर अशा दोन मैत्रिणींची ती कथा आहे. हेस्टर आजारी क्लॅरिसाच्या खोलीतली शेकोटी विझवून, खिडकी उघडी टाकून तिला मरू देते. आणि पुढे क्लॅरिसाचा क्रूर नवरा हेस्टरला मारून मारून ठार करतो. फिलिस कॅल्व्हर्ट, मार्गारेट लॉकवुड, जेम्स मेसन आणि स्ट्युअर्ट ग्रेंजर या चौघांनी पुढची काही वर्षे ब्रिटिश पडदा व्यापला, त्याची ही नांदी होती. मला यातले सर्वांत महत्त्वाचे वाटले ते असे की चांगुलपणा क्लॅरिसाकडे असूनही आपली नजर हेस्टरवरून हटत नाही. तिला हवे असते, आणि हवे असल्याचे ती लपवत नाही. ज्या काळात बाईने सर्वांसाठी झिजावे असे फलक भिंतोभिंती लावलेले होते, त्या काळात ही बाई स्वतःसाठी जगते.

मार्गारेट लॉकवुड हिचा जन्म १९१६ साली कराचीत झाला, हे ऐकून वर्गात कुजबुज झाली. तिचे वडील रेल्वेत होते. हिचकॉक यांच्या ‘द लेडी व्हॅनिशेस’मध्ये, म्हणजे १९३८ साली, ती साधी, हुशार, आवडावी अशी मुलगी होती. सात वर्षांनी ‘द विकेड लेडी’मध्ये तिने बार्बरा स्केल्टन साकारली आणि त्या चित्रपटाने ब्रिटनमध्ये गल्ल्याचे उच्चांक गाठले. मॅग्डालेन किंग-हॉल या लेखिकेच्या कादंबरीवर हा चित्रपट बेतला होता. लग्नाच्या तोंडावर मैत्रिणीचा नवरदेव पळवणारी, खेड्यातल्या हवेलीत कंटाळलेली, जुगारात आईची आठवण असलेला ब्रोच हरलेली बार्बरा तो परत मिळवण्यासाठी पुरुषी वेष करून, तोंडाला फडके बांधून घोड्यावर निघते आणि वाटमारी करते. एकदा ती गोडी लागल्यावर ती थांबत नाही. खोलीतून बाहेर जाणाऱ्या गुप्त वाटेने ती रात्री निघते आणि पहाटे परत येऊन सूनबाईसारखी जेवणाच्या टेबलाशी बसते. त्याच १९४५ साली ‘ब्रीफ एन्काउंटर’ आला, ज्यात लॉरा ही मध्यमवर्गीय विवाहिता रेल्वे स्थानकावर भेटलेल्या डॉक्टरच्या प्रेमात पडते आणि शेवटी घरी, नवऱ्याच्या खुर्चीशेजारी परत येते. दोन्ही चित्रपटांतल्या बायका घरात घुसमटलेल्या आहेत. एकीच्या संयमाचे समीक्षकांनी तोंडभर कौतुक केले आणि दुसरीला बाजारू ठरवले. दोन्ही लागोपाठच्या रविवारी पाहिल्यावर मला एवढे कळले की लॉराचा हुंदका आणि बार्बराचा घोडा एकाच घरातून बाहेर पडलेले आहेत.

इथे एक प्रसंग लिहिलाच पाहिजे. वर्गात साखर पेठेतून एक शिवणकाम करणाऱ्या बाई येत असत. ब्लाउज आणि लहान मुलींचे फ्रॉक शिवून त्या घर चालवतात. इंग्रजी त्यांना जवळजवळ येत नाही, परंतु टिपण घरी दोनदा वाचून येत. ‘द विकेड लेडी’मधले मेजवानीचे दृश्य चालू असताना त्यांनी हात वर करून चित्रपट थांबवायला लावला आणि पडद्याजवळ जाऊन बोट ठेवून म्हणाल्या, “बाई, ही बाही उरेबात कापलीय, म्हणून अशी पडलीय. आणि अंगात काड्या घातल्यात बघा. नुसत्या शिलाईनं कापड असं उभं राहत नाही. ह्या झग्यात हिला धड वाकता येत नसणार. त्या पुरुषाच्या कपड्यात मात्र कशी सरसर चालती.” वेशभूषाकार एलिझाबेथ हॅफेंडन यांच्याबद्दल प्राध्यापिका बाई पुढच्या अर्ध्या तासात जे सांगणार होत्या त्याचे मर्म या चार वाक्यांत आले होते. कापडाच्या टंचाईच्या काळात हॅफेंडन यांनी असे झगे उभे केले की जे इतिहासाशी तंतोतंत जुळवण्यापेक्षा पात्राच्या मनाशी जुळवलेले होते. पुढे ‘बेन-हर’ आणि ‘अ मॅन फॉर ऑल सीझन्स’साठी त्यांना ऑस्कर मिळाले. याच चित्रपटातील झग्यांचे गळे अमेरिकेच्या सेन्सॉरला फारच खोल वाटले आणि तिकडच्या प्रदर्शनासाठी काही दृश्ये पुन्हा चित्रित करावी लागली. संवादांत बार्बराला शिक्षा होत असली तरी कपड्यांत मात्र तिचे सगळे म्हणणे मोकळेपणी मांडलेले आहे. शिवणाऱ्या बाईने ते आधी पाहिले, यात मला आश्चर्य वाटले नाही, आनंद वाटला.

याच दिवशी मी स्वतः आपल्याकडच्या नादिया या नटीचा विषय काढला आणि बाईंनी त्याला उदारपणे वेळ दिला. १९३५ साली, म्हणजे बार्बराच्या दहा वर्षे आधी, वाडियांच्या ‘हंटरवाली’मध्ये मुखवटा घातलेली, चाबूक हातात घेतलेली नायिका आपल्याकडे घोड्यावर बसली होती. फरक एवढा की नादिया दीनदुबळ्यांसाठी लढते, तिला लोक टाळ्या वाजवतात आणि ती जिवंत राहते. बार्बरा स्वतःच्या मौजेसाठी लुटते आणि मरते. आपल्या पडद्याने बाईच्या हातात शस्त्र दिले ते न्यायासाठी. कंटाळ्यासाठी दिले नाही. ही तुलना वर्गात अर्धवट राहिली, तरी माझ्या डोक्यातून ती अजून गेलेली नाही.

सहाव्या रविवारी लॉरा मल्व्ही या चित्रपट-अभ्यासिकेने १९७५ साली मांडलेल्या सिद्धांतावर व्याख्यान झाले. मुख्य प्रवाहातला चित्रपट पाहणाऱ्याची नजर पुरुषाची धरतो आणि स्त्रीला पाहण्याची वस्तू करतो, हे त्याचे सूत्र. हे व्याख्यान पहिल्या दिवशी न ठेवता इतक्या उशिरा ठेवले, हा बाईंचा विचारपूर्वक घेतलेला निर्णय होता असे मला वाटते, कारण तोवर आमच्या हातात उदाहरणे होती. मल्व्ही यांची उदाहरणे प्रामुख्याने हॉलिवूडमधली आहेत. ज्या चित्रपटांना बायकाच गर्दी करत होत्या तिथे नजर कोणाची, हा प्रश्न वर्गातूनच आला.

सातव्या रविवारी पडद्यामागच्या स्त्रिया आल्या. ‘द सेव्हन्थ व्हेल’साठी पतीबरोबर मूळ पटकथेचे ऑस्कर मिळवणाऱ्या म्युरिएल बॉक्स पुढे दिग्दर्शक झाल्या आणि १९५३ साली महिला पोलिसांवर ‘स्ट्रीट कॉर्नर’ केला. त्यांची नणंद बेटी बॉक्स निर्माती झाली आणि १९५४ चा ‘डॉक्टर इन द हाउस’ त्या वर्षीचा ब्रिटनमधला सर्वाधिक चाललेला ब्रिटिश चित्रपट ठरला. बेटी यांचे पती पीटर रॉजर्स यांनीच ‘कॅरी ऑन’ ही विनोदी मालिका काढली, आणि म्हणून त्या दिवसाचा चित्रपट ‘कॅरी ऑन कॅबी’ होता. १९६३ सालच्या या चित्रपटात टॅक्सीच्या धंद्यात गुरफटलेला नवरा लग्नाचा वाढदिवस चुकवतो, आणि बायको गुपचूप फक्त स्त्री चालकांची टॅक्सी कंपनी काढून त्याचाच धंदा खाते. हॅटी जॅक्स यांनी ती बायको इतक्या भारदस्तपणे केली आहे की विनोद तिच्यावर होत नाही. चालक मुलींना तंग कपडे घालून गिऱ्हाईक ओढले जाते, आणि शेवटी संकटातून सोडवायला नवराच आपली माणसे घेऊन येतो, हे खटकते. तरीही हिशेबाची वही हातात असलेली बाई लोकप्रिय विनोदी चित्रपटाच्या मध्यभागी बसलेली पाहणे समाधानाचे होते.

शेवटचा रविवार हॅमर फिल्म्सच्या भयपटांना दिला होता आणि तो फसला. १९५७ चा ‘द कर्स ऑफ फ्रँकेनस्टाइन’ आणि १९५८ चा ‘ड्रॅक्युला’ यांतील तुकडे दाखवून चाळीस मिनिटांत विषय गुंडाळला गेला; सभ्य घरातल्या बायका रात्री खिडकी उघडी ठेवून ज्याची वाट पाहतात त्या पाहुण्याबद्दल बोलण्यासारखे कितीतरी होते. संकलनाची बाजूही वर्गात आलीच नाही. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’चे संकलन अ‍ॅन कोट्स यांनी केले होते आणि त्यासाठी त्यांना ऑस्कर मिळाले, फुंकर मारलेल्या काडीवरून वाळवंटातल्या सूर्योदयावर जाणारी ती प्रसिद्ध उडी एका स्त्रीच्या टेबलावर जोडली गेली, हे सांगायला पाच मिनिटे पुरली असती. प्रोजेक्टर चांगला होता, आवाज मात्र खोलीत घुमत असे आणि जुन्या चित्रपटांतले इंग्रजी त्यामुळे आणखी अवघड होई. मराठी टिपणांनी ती उणीव बरीचशी भरून काढली. ती टिपणे मी बांधून ठेवली आहेत.

आता मुख्य तक्रार. वर्गाची वेळ संध्याकाळी सहा ते सव्वानऊ होती. पहिली चाळीस मिनिटे व्याख्यान, मग चहा, मग चित्रपट आणि शेवटी चर्चा. मी जुळे सोलापुरात राहते. घर जवळ, म्हणून शेवटपर्यंत थांबू शकले. साखर पेठ, दाजी पेठ, अशोक चौक या बाजूंनी येणाऱ्या स्त्रियांना सव्वाआठच्या आसपास उठावेच लागे, कारण पुढे रिक्षाचे भाडे वाढते, पावसात रस्ते सुनसान होतात आणि घरी भाकऱ्या थापायच्या असतात. पहिल्या दिवशी चौदा स्त्रिया होत्या. त्यांपैकी चर्चेपर्यंत थांबणाऱ्या कधीही पाचांच्या वर गेल्या नाहीत. पाचव्या रविवारी बाई प्रेक्षक म्हणून चित्रपट कसा पाहते यावर अत्यंत मोलाची चर्चा झाली आणि ती करणाऱ्या सोळा जणांत तेरा पुरुष होते. त्यांच्या समजुतीबद्दल मला आदर आहे, पण ज्यांच्याबद्दल ते बोलत होते त्या जिन्यावरून खाली उतरून गेल्या होत्या. संयोजकांनी हे पहिल्या दोन आठवड्यांतच ओळखायला हवे होते.

शिवणकाम करणाऱ्या बाईंचा ‘द विकेड लेडी’ असाच अर्धवट राहिला. पुढच्या रविवारी जिन्यातच त्यांनी मला विचारले, पुढे काय झालं. मी सांगितले की बार्बरा ज्याच्यावर खरे प्रेम करते त्याच्याचकडून, त्याने तिला न ओळखल्यामुळे, तिला गोळी लागते. ती कशीबशी घरी येते, त्याला सगळे कबूल करते, तो निघून जातो आणि ती एकटी मरते. त्या क्षणभर थांबल्या. “मारणारच होते तिला, ते मला घोड्यावर बसली तवाच कळलं होतं,” त्या म्हणाल्या, “पण तोवर तिनं घोडं केवढं पळवलं, ते त्यांना थोडंच मागं घेता येतंय?” आदल्या रविवारी रात्री नऊ वाजता सोळा माणसे याच मुद्द्याभोवती अर्धा तास फिरत होती.

वर्ग संपल्यावर मी संयोजकांना लेखी सुचवले की पुढचा वर्ग दुपारी दोन ते सव्वापाच ठेवावा आणि भयपटांना दोन पूर्ण रविवार द्यावेत. सभागृह दुपारी शिकवणीला भाड्याने दिलेले असते, तरी विचार करतो, असे त्यांनी उत्तर दिले आहे. पुढच्या वर्गासाठी मी नाव दिले आहे. साखर पेठेतल्या बाईंनी वेळ कळेपर्यंत दिलेले नाही.